डावीकडच्या खुर्चीतलं उत्तर

ओटावा
रविवार, २९ सप्टेंबर २०२४

प्रिय राकेश,

नमस्कार. वर 'जय भीम' लिहावं असं मनात आलं होतं. पण हॉलमध्ये तू म्हणायचास तेव्हा मी आजूबाजूला कोण आहे ते बघून 'हाय' म्हणायचे. आता इथे एकटीनं कागदावर म्हणून काय मोठं केलं? तेव्हा नमस्कारच.

तू बरा असशील. एडमंटनला म्हणे गाडीशिवाय पान हलत नाही, म्हणजे शेवटी घेतलीस वाटतं गाडी. विंटर टायर्स वेळेवर बसव, पहिला बर्फ पडल्यावर सगळं गाव रांगेत उभं राहतं. इकडे मी ठीक. ऑफिस तेच, कानाटालाच, आठवड्यातून तीन दिवस जावं लागतं. बाबांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन पुण्यात नीट पार पडलं. शंतनुदादा आणि सुरुचीवहिनीनं लव्हालच्या घराचा बेसमेंट नव्यानं करून घेतला, त्याचे फोटो मला रोज येतात, मी रोज लाइकचा अंगठा पाठवते. मिसेस ओकाबे पंच्याऐंशीच्या झाल्या. कंबर धरून चालतात, पण प्रोजेक्टरला अजून कुणाला हात लावू देत नाहीत. तुझी चौकशी करतात. मी दर वेळी 'ही इज फाइन' म्हणते. तू फाइन आहेस की नाहीस, मला काय ठाऊक!

तुझ्या लग्नाची पत्रिका बारा ऑगस्टला मिळाली. छान आहे. निळा रंग मला आवडला. धम्मप्रियाचा फोटो तू पाठवला नाहीस, पण मराठी मंडळातल्या अनुपनं फेसबुकवरून दाखवला. हसरी दिसते. तुझ्या गंभीर तोंडाशेजारी असं कुणीतरी हवंच होतं.

पत्रिकेच्या मागे तू पेनानं जे लिहिलंस, त्याला आज सात आठवडे झाले. 'त्या दिवशीचं उत्तर कुणाचं होतं, तेवढं सांग. सिनेमातल्या मुलीचं असेल तर लग्नाआधी एक फोन कर. तुझं असेल तर काही कळवू नकोस, मी समजून घेईन.'

आधी तुला चार शब्द सुनावते, मग बाकीचं. हे विचारायची ही वेळ होती का रे? हॉल ठरला, भंतेजींना बोलावणं गेलं, पत्रिका छापल्या, आणि त्याच पत्रिकेच्या पाठीवर तू मला विचारतोस? त्या मुलीचा काही विचार केलास? दीड वर्ष झालं तुला इथून जाऊन. दीड वर्षात एक फोन तुलाही करता आला असता. मी फोन केला असता तर तू काय करणार होतास, सव्वीस ऑक्टोबरचं लग्न मोडणार होतास? मला फार राग आला तुझा. राग आला म्हणून पत्रिका ड्रॉवरमध्ये टाकली, आणि संध्याकाळी परत काढून वाचली.

पत्रच लिहायचं ठरवलं, कारण ईमेल लिहिला असता तर दहा वेळा पुसून गोडगोड केला असता. इथे शाईनं लिहिलेलं खोडलं तरी दिसतं. तुला माहीत असलेलं काही परत सांगेन. माझ्या बाजूनं ते कसं दिसत होतं, हे तुला मी कधी सांगितलेलंच नाही.

मंडळाच्या व्हॉट्सॲपवर ती नोटीस आली होती बघ. 'जपानी मूकपटाला मराठी आवाज देणारे हवेत, एक पुरुष, एक स्त्री.' मला वाटलं होतं डबिंगचं काही काम असेल. कम्युनिटी सेंटरच्या बेसमेंटमध्ये गेले तर पडदा, दोन खुर्च्या, आणि मिसेस ओकाबे. त्यांनी सांगितलं, मूकपट मुका असायचा, थिएटर नाही. जपानमध्ये पडद्याशेजारी माणसं बसायची आणि पडद्यावरच्या माणसांचं बोलायची. लोक सिनेमापेक्षा त्यांनाच ऐकायला यायचे. त्यांना वाटत होतं, आपल्या गावात जेवढ्या भाषा आहेत तेवढ्यांनी एकेकदा बोलून बघावं. त्याआधी फ्रेंच झालं होतं, तमिळ झालं होतं. मग आपण.

नियम त्यांचे कडक. पुरुषाचा आवाज उजवीकडे, बाईचा डावीकडे. मध्ये पडदा. एकमेकांकडे बघायचं नाही, पडद्याकडेच बघायचं. बोलता बोलता एखाद्यानं वाक्य बदललं तर दुसऱ्यानं थांबायचं नाही, त्या पात्राच्या तोंडानंच पुढे न्यायचं. 'नेव्हर ब्रेक,' असं त्या तर्जनी नाचवून सांगायच्या. हा शेवटचा नियम नसता तर बरं झालं असतं, असं मी पुष्कळदा स्वतःला सांगितलं. नियमाच्या माथी मारणं सोपं जातं.

पहिल्या खेळाला लताकाकूंनी काय धमाल केली होती! 'नायिका जरा थोराड नाही का गं?' तू म्हणालास, 'काकू, तो पुरुष आहे. तेव्हा बायका काम करत नव्हत्या.' त्यावर काकू, 'मग एवढं रडतोय कशाला, लग्न तसंही होणार नाहीये.' पण तासाभरानं त्याच काकू डोळे पुसत होत्या. आपल्याकडे संगीत नाटकांत पुरुषांनीच नऊवारी नेसून लोकांना रडवलंय, त्यांना ते काय नवीन! त्या रुंद जबड्याच्या माणसाला आवाज देताना मला आधी हसू यायचं. पुढे पुढे मला तो बाईच वाटायला लागला. त्याचं मान खाली घालणं माझ्यापेक्षा खरं होतं.

आणि ते प्रेम तरी कसलं! हात हातात नाही, जवळ बसणं नाही. तीन हात लांब बसायचं. त्यानं चहाची वाटी खाली ठेवायची, तिनं ती जरा फिरवून उचलायची, झालं. तू म्हणायचास, 'एवढ्यावर आपण दहा मिनिटं बोलायचं?' बोललो की आपण. दोन हिवाळे, सहा सिनेमे.

आपली पद्धत आठवते? तुझी वाक्यं मी लिहायची, माझी तू. तूच काढलेली टूम. म्हणालास, बाई काय बोलेल ते पुरुषानं ऐकलेलं असतं, पुरुष काय बोलेल ते बाईनं. दर शनिवारी त्या कॉफी शॉपमध्ये खिडकीजवळ बसून आपण एकमेकांना वाक्यं लिहून द्यायचो. तुला तेव्हा कळलं होतं का रे? मला कुणाकडून तरी जे ऐकायचं होतं, ते सगळं मी तुझ्या कागदावर लिहीत होते. आणि खेळाच्या दिवशी अंधारात बसून तुझ्या आवाजात ऐकत होते. छत्तीस वर्षांच्या बाईनं हे करावं! मला त्याची लाज वाटत नाही. त्या दोन वर्षांतल्या एवढ्याच गोष्टीची वाटत नाही.

आता तो शेवटचा सिनेमा.

तो तू निवडलास. मिसेस ओकाबेंकडे त्याचा सव्वीस मिनिटांचा तुकडाच आहे, नाव हरवलेलं, शेवट हरवलेला. कातडं ताणून ढोल बनवणारा एक माणूस, आणि ज्या घरी तो देवळाचा ढोल दुरुस्त करून आणतो त्या घरची मुलगी. सगळ्या सिनेमाभर तो माणूस दाराबाहेर उभा. मुलगी आत. ढोल आत जातो, तो जात नाही. सुरुवातीला मिसेस ओकाबे आपल्याला समजावून सांगायला लागल्या, की जपानमध्ये कातड्याचं काम करणाऱ्यांना कसं वेगळं ठेवायचे. तू त्यांना म्हणालास, 'नो नीड, मॅडम.' आणि मला मराठीत म्हणालास, 'तो उंबऱ्याबाहेर का उभा आहे, हे मला प्रोफेसर लावून शिकावं लागत नाही.' मी मान हलवली आणि वहीत काहीतरी लिहायला लागले. काय लिहिलं ते मला आठवत नाही. बहुतेक काहीच नाही.

त्याच्या आदल्या महिन्यात तू माझ्याबरोबर लव्हालला आला होतास, दादाकडे, संक्रांतीच्या हळदीकुंकवाला. गाडीत जागा होती म्हणून आलास, असं मी घरी सांगितलं होतं. तू हॉलमध्ये दादाशी हॉकीवर बोलत होतास आणि वहिनीनं मला किचनमध्ये विचारलं, 'चांगला आहे गं मुलगा, वेल-सेटल्ड वाटतो. सरनेम काय म्हणालीस?'

आपल्याकडे हा प्रश्न कशासाठी विचारतात ते तुला सांगायला नको.

मी म्हणाले, 'नागपूरचा आहे. सरनेम काय बाई, लक्षातच नाही.'

दोन वर्षं रोज एका बसनं जाणाऱ्या माणसाचं आडनाव माझ्या लक्षात नाही! वहिनी हुशार आहे. तिनं पुढे विचारलं नाही, नुसतं 'अच्छा' म्हणाली आणि तिळगूळ वाटीत भरायला लागली. मागे वळले तर तू पाणी प्यायला किचनच्या दारात आलेला. तू ऐकलंस का, ते मला आजपर्यंत माहीत नाही. परतीच्या वाटेवर तू नेहमीपेक्षा जास्तच विनोद केलेस. मी ठरवलं की ऐकलं नसणार. सोयीचं होतं ते.

गजभिये. राकेश यादवराव गजभिये. तुझ्या पत्रिकेवर सोनेरी अक्षरांत बघितलं तेव्हा मला ते किचन आठवलं.

मग फेब्रुवारीतला तो शनिवार. हॉल भरलेला, दादा-वहिनी खास लव्हालहून आलेले, दुसऱ्या रांगेत. शेवटचा प्रसंग. तो दाराबाहेर, ती आत, दार अर्धं उघडं. ठरलेलं वाक्य मी तुला लिहून दिलं होतं, 'ढोल झाला. आता येतो मी.' तू माझ्यासाठी लिहिलं होतंस, 'सांभाळून जा.' त्यावर ती मान हलवते, दार सरकवते, आणि फिल्म तिथेच तुटते.

तू ते वाक्य म्हणालासच नाहीस. तू म्हणालास, 'दोन हिवाळे मी तुझ्यासाठी थांब्यावर उभा राहतोय. आधीची बस समोरून जाऊ देतो आणि तुला सांगतो, चुकली. आता पुरे झालं हे सोंग. माझ्याशी लग्न करशील?'

लोक हसले. शंभर वर्षांपूर्वीच्या जपानात बस कुठून आली म्हणून टाळ्या पडल्या. अनुप मागून ओरडला, 'वन्स मोअर!'

आणि पडद्यावर तिनं मान हलवली, आणि मी म्हणाले, 'आमच्या घरात हे चालायचं नाही. तू उंबऱ्याबाहेर आहेस, तोवरच ठीक आहे.'

दार सरकलं. फिल्म संपली. केवढ्या टाळ्या! वहिनीनं येऊन मला मिठी मारली, 'काय डायलॉग मारलास गं, अंगावर काटा आला.' दिवे लागले तेव्हा तुझी खुर्ची रिकामी होती. मिसेस ओकाबेंना मराठीचं अक्षर कळत नाही. त्यांनी माझं कोपर धरून विचारलं, 'व्हॉट डिड यू से टु हिम?' मी म्हटलं, 'जस्ट द लाइन.' त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि रीळ गुंडाळायला गेल्या.

नंतरच्या सोमवारी थांब्यावर तू म्हणालास, 'छान रंगला खेळ.' मी म्हणाले, 'हो ना.' मे महिन्यात तू गेलास.

इथवर लिहून मी उठले होते. चहा केला, भांडी घासली, ग्रोसरीची यादी केली. आता बसलेय तर लिहितेच.

राकेश, मी फोन केला होता. सप्टेंबरच्या पाच तारखेला, संध्याकाळी, नंबर लपवून. तू 'हॅलो' म्हणालास, मग दोनदा परत म्हणालास, मग 'कोण आहे?' असं मराठीत विचारलंस. मी काय बोलणार ते ठरवलेलं होतं, 'राकेश, ते उत्तर त्या मुलीचं होतं.' एवढंच म्हणायचं, आणि तू माझा. तोंडाशी आलेलं होतं. तू तिकडे वाट बघत होतास, आणि मला एकाएकी कळलं की मी तुला आणखी एकदा फसवायला निघालेय. मी फोन ठेवला.

मग त्या रविवारी बाबांना व्हिडिओ कॉल केला. इतके दिवस मी मनाशी धरून चालले होते की मी बाबांसाठी नाही म्हटलं. आई गेल्यावर ते एकटे, त्यांचं हार्ट, त्यांना हे झेपणार नाही. तुला माझे बाबा ठाऊक आहेत, निदान त्यांची भाषणं. समतेवर तासभर बोलतात, श्रोते वह्या काढून लिहून घेतात. मी त्यांना सगळं सांगितलं, तुझं आडनाव सांगून. आणि विचारलं, 'बाबा, मी तेव्हा लग्न करते म्हटलं असतं तर तुम्ही काय म्हणाला असतात?'

त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. मग म्हणाले, 'तू मला विचारलं होतंस का?'

'नाही.'

'मग माझं उत्तर तू परस्पर कसं देऊन टाकलंस?'

मला रडू आलं. ते म्हणाले, 'मी हो म्हटलं असतं, असं आज म्हणणं फुकटचं आहे, बाळ. खरं काय केलं असतं ते मला माहीत नाही. कदाचित लाज आणली असती मी. पण ती माझी मी आणली असती.'

बाबांच्या तोंडी वाक्य घातलं मी. दादाच्या, वहिनीच्या, सगळ्या घराच्या. कुणी 'नाही' म्हटलेलंच नव्हतं. वहिनीनं आडनाव विचारलं होतं, ते सांगून बघायचं होतं, पुढचं पुढे. मला तेवढंसुद्धा जमलं नाही.

आणि त्या पडद्यावरच्या मुलीला तर सोडच. ती नुसती मान हलवते. हलणाऱ्या मानेला काहीही जोडता आलं असतं. 'आत्ता नको.' 'इथे नको.' 'बाहेर भेट.' तू लिहिलेलं 'सांभाळून जा' तरी समोर होतंच. मला सगळी कळलेली होती तुझी बस. हॉलमध्ये ती कळलेली मी एकटीच होते. मला वाटलं होतं, तू मस्करी केलीस असं मी म्हणू शकेन, सिनेमात गुंतले होते म्हणू शकेन, मिसेस ओकाबेंचा नियम होता म्हणू शकेन. दीड वर्ष मी हे तिन्ही आलटून पालटून स्वतःला सांगितलं.

उत्तर माझं होतं, राकेश. शब्द न शब्द. दुसऱ्या रांगेत बसलेल्या माझ्या माणसांना ऐकू जावं म्हणून मी ते म्हटलं. भरल्या हॉलमध्ये मी तुझी जात काढली, आणि त्यावर टाळ्या घेतल्या.

तू म्हणालास, तुझं असेल तर काही कळवू नकोस. फार चांगला आहेस तू. मी गप्प बसले असते तरी तू समजून घेतलं असतंस, आणि मीही एखाद्या दिवशी स्वतःला पटवलं असतं की मी तुला फोन करणारच होते, राहूनच गेलं. म्हणून लिहिलं.

आणि दुसरंही माझंच होतं. कॉफी शॉपमधल्या त्या कागदांवरचं. मी तुझ्यावर प्रेम केलं, करते. 'करत होते' लिहायला घेतलं होतं, पण खोटं कशाला? शनिवार आला की अजून मला काही सुचत नाही.

तरी मी फोन करणार नाही. समज केला, समज तू आलास. उद्या कुणीतरी पाहुणा घरी येईल आणि तुझं आडनाव विचारील, आणि तू माझ्या तोंडाकडे बघशील, ही काय सांगते म्हणून. दर वेळी बघशील. मी नीट सांगेन, मोठ्यानं सांगेन, आणि तरी तू बघशील. ते तुझ्या वाट्याला मी येऊ देणार नाही. धम्मप्रियाला ते आडनाव सांगताना काही वाटणार नाही. किती साधी गोष्ट, आणि मला ती करता आली नाही.

सव्वीस तारखेला लग्न कर. मनापासून कर, मागे वळून नको. तिला हे पत्र दाखवायचं असेल तर दाखव, नसेल तर फाड. तू ठरव. तुझ्या वतीनं मी आता काही ठरवणार नाही.

उत्तर मात्र पाठवू नकोस. दोन ओळींचंसुद्धा नको. आलं तर मी वाट बघायला लागेन.

सुनेत्रा